रक्ताच्या नळ्यांची झाकणं रंगीबेरंगी का असतात?

डॉक्टरांनी चार तपासण्या लिहून दिलेल्या असतात. टेक्निशियन एकदाच सुई टोचतो आणि तिला एकामागून एक चार नळ्या लावतो. एका नळीचं झाकण निळं, एकाचं पिवळं, एकाचं जांभळं, एकाचं करडं. हात एक, शीर एक, रक्तही तेच, मग नळ्या चार कशाला? बहुतेकांचा समज असा की कुठली नळी कुठल्या टेबलावर जायची ते लॅबवाल्यांना पटकन कळावं म्हणून हे रंग असतात. तेवढ्यापुरतं ते खरंही आहे. पण झाकणाचा रंग मुळात सांगतो ते हे, की नळीत आधीपासून काय घालून ठेवलंय.

कारण रिकामी दिसणारी नळी बहुधा रिकामी नसते. आतल्या भिंतीवर एखाद्या रसायनाचा फवारा मारून वाळवलेला असतो, नाहीतर तळाशी थोडंसं द्रव असतं, नाहीतर घट्ट जेलीचा थर असतो. त्या रक्तातून कुठली तपासणी बरोबर येणार आणि कुठली साफ खोटी येणार, हे त्या पदार्थावर ठरतं. यातला ‘खोटी’ हा भाग सहसा कुणी समजावून सांगत नाही, आणि नळ्या अनेक का लागतात याचं खरं उत्तर नेमकं तिथेच आहे.

शिरेतून बाहेर आलेलं रक्त गप्प बसत नाही

रक्त नळीत आलं की दोन गोष्टी सुरू होतात. पहिली म्हणजे ते गोठायला लागतं. काही मिनिटांतच त्याची गुठळी होते. दुसरी गोष्ट डोळ्यांना दिसत नाही. रक्तातल्या पेशी नळीतही जिवंत असतात. त्या साखर खात राहतात आणि वेळ गेला की त्यांच्यातलं पोटॅशियम बाहेर झिरपू लागतं. तासाभराने रक्त मशीनवर चढतं तेव्हा ते शिरेत होतं तसं राहिलेलं नसतं. नळीतली रसायनं या बदलांना थोपवण्यासाठी असतात.

गोठण्याची गोष्ट आधी बघू. रक्तात गोठवणारी प्रथिनं बरीच असतात. ती एकमेकांना जागं करत जातात आणि शेवटी फायब्रिन नावाच्या धाग्यांचं जाळं तयार होतं. ही साखळी पुढे सरकायला कॅल्शियम लागतं. विटा आहेत, गवंडी आहेत, पण सिमेंटच उचलून नेलं तर भिंत उभी राहत नाही, तसं कॅल्शियम काढून घेतलं की रक्त गोठत नाही. जांभळ्या, निळ्या आणि बहुतेक करड्या झाकणांच्या नळ्यांत हीच युक्ती आहे. प्रत्येकीत कॅल्शियम पकडणारा पदार्थ तेवढा वेगळा.

पुढे दोन शब्द सारखे येतील, ते इथेच सांगून टाकतो. रक्त गोठू न देता पेशी खाली बसवल्या की वर राहणारं पिवळसर पाणी म्हणजे प्लाझ्मा. रक्त गोठू दिलं आणि मग गुठळी बाजूला काढली तर उरतं ते सीरम. सीरम म्हणजे गोठण्यात खर्च झालेली प्रथिनं वजा केलेला प्लाझ्मा.

जांभळी नळी: पेशी मोजायच्या असतील तर

सीबीसी, म्हणजे हिमोग्लोबिन, पांढऱ्या पेशी, प्लेटलेट वगैरेंची मोजणी, जांभळ्या झाकणाच्या नळीतून होते. आत ईडीटीए असतं, बहुधा त्याचा पोटॅशियम क्षार. ईडीटीए हे रसायन 1930च्या दशकात जर्मनीत फर्डिनांड म्यूंझ यांनी तयार केलं, तेही कापडाच्या रंगकामासाठी, पाण्यातला कॅल्शियमचा त्रास घालवायला. धातूंचे कण ते इतकं घट्ट धरून ठेवतं की शिशाच्या विषबाधेवर त्याचाच एक प्रकार औषध म्हणून दिला जातो.

पेशींच्या मोजणीसाठी ते बरं पडतं कारण ते पेशींचा आकार फारसा बिघडवत नाही, आणि नळीच्या भिंतीवर कोरडं असल्यामुळे रक्त पातळ होत नाही. मात्र रक्त आत गेल्यावर ते नीट मिसळलं पाहिजे. चांगला टेक्निशियन काय करतो ते पाहा: नळी भरली की मनगट सावकाश वळवून ती उलटी करतो, आतला हवेचा बुडबुडा या टोकापासून त्या टोकापर्यंत जाऊ देतो आणि पुन्हा सरळ करतो. असं आठ ते दहा वेळा. घाईत जोरजोरात हलवली तर तांबड्या पेशी फुटतात, हलवलीच नाही तर तळाशी बारीक गुठळ्या होतात. त्या गुठळ्यांत प्लेटलेट अडकल्या की मशीनला त्या दिसत नाहीत आणि आकडा कमी येतो.

प्लेटलेटवरून निघालं आहे तर आणखी एक गोष्ट, कारण या आकड्याची लोकांना फार धास्ती असते. साधारण हजारात एका माणसाच्या रक्तात अशी प्रतिपिंडं असतात की ईडीटीएच्या संगतीत त्याच्या प्लेटलेट एकमेकींना चिकटून घोळके करतात. मशीन घोळक्याला एक प्लेटलेट म्हणून मोजतं किंवा पांढरी पेशी समजतं. माणूस ठणठणीत, अंगावर कुठे लाल ठिपका नाही, हिरड्यांतून रक्त नाही, आणि रिपोर्टमध्ये प्लेटलेट चाळीस हजार! अशा वेळी काचपट्टीवर रक्ताचा पातळ थर (स्मिअर) देऊन सूक्ष्मदर्शकाखाली बघितलं की घोळके लगेच दिसतात. मग निळ्या नळीत पुन्हा रक्त घेऊन मोजणी करतात. त्या नळीतल्या द्रवाने रक्त थोडं पातळ होतं म्हणून आलेल्या आकड्याला 1.1 ने गुणतात, आणि खरी संख्या बहुधा नॉर्मल निघते. हे माहीत नसल्यामुळे लोकांना विनाकारण प्लेटलेट चढवल्या गेल्या आहेत, स्टेरॉइड दिली गेली आहेत. तब्येत आणि आकडा यांचा मेळ बसत नसेल तर ‘स्मिअर बघितला का’ एवढं विचारायला हरकत नाही.

निळी नळी: अर्धी भरून चालत नाही

फिकट निळ्या झाकणाखाली सोडियम सायट्रेटचं द्रावण असतं, सहसा 3.2 टक्के. सायट्रेटने रक्त टिकवता येतं हे 1914मध्ये बेल्जियमच्या आल्बेर उस्टँ आणि अर्जेंटिनाच्या लुईस आगोते यांनी दाखवलं आणि रक्त साठवून चढवण्याचा मार्ग मोकळा झाला. रक्ताच्या पिशवीतही आजवर सायट्रेटच असतं.

सायट्रेट कॅल्शियमला धरतं, पण सैल. लॅबमध्ये वरून कॅल्शियम घातलं की गोठण्याची साखळी पुन्हा चालू होते. रक्त गोठायला किती सेकंद लागतात हे मोजायच्या तपासण्या (पीटी-आयएनआर, एपीटीटी) याच गुणावर उभ्या आहेत: इथे आणताना रक्त थांबवायचं, मशीनवर ठेवताना सोडायचं आणि घड्याळ लावायचं. ईडीटीए या कामाला चालत नाही. त्याची पकड फार घट्ट असते आणि त्यात गोठवणारे काही घटकही लवकर निकामी होतात.

इथे प्रमाणाला महत्त्व आहे. एक भाग सायट्रेट, नऊ भाग रक्त. 0.3 मिलीलिटर सायट्रेट असलेल्या नळीत 2.7 मिलीलिटर रक्त जायला हवं. शीर नीट सापडली नाही आणि 1.8 मिलीलिटरवरच थांबलं तर प्रमाण नवास एक न राहता सहास एक होतं. जास्तीचं सायट्रेट लॅबने वरून घातलेलं कॅल्शियमही गिळतं, रक्त गोठायला वेळ लागतो आणि आयएनआर फुगलेला येतो. रुग्ण रक्त पातळ करणारं वॉरफेरिन घेत असेल तर डॉक्टर तो आकडा पाहून गोळी कमी करतील, आणि ज्या गुठळीला अडवायला गोळी दिली होती तिला वाट मोकळी होईल. म्हणून अर्धी भरलेली निळी नळी लॅबने परत पाठवली तर तिथल्या माणसावर चिडू नये. त्याने त्याचं काम चोख केलं आहे.

काळ्या झाकणाची नळीही सायट्रेटचीच, फक्त प्रमाण चारास एक. ती ईएसआरसाठी, म्हणजे तांबड्या पेशी किती वेगाने खाली बसतात ते मोजण्यासाठी.

लाल आणि पिवळी: इथे गोठायलाच हवं

यकृत, मूत्रपिंड, थायरॉइड, कोलेस्टेरॉल अशा बऱ्याच तपासण्यांना सीरम चालतं. म्हणजे इथे रक्त गोठवायचंच असतं. काचेच्या नळीत ते आपोआप गोठतं, कारण काचेचा पृष्ठभागच त्याला चाळवतो. प्लास्टिक तसं करत नाही, म्हणून प्लास्टिकच्या लाल झाकणाच्या नळीत आतून सिलिकाची बारीक पूड लावलेली असते. गोठायला अर्धा ते एक तास द्यावा लागतो. ‘रक्त घेऊन तास झाला, अजून मशीनला लावलंच नाही?’ अशी तक्रार ऐकू येते, पण तो तास बहुतेक वेळा गोठण्याचाच असतो.

पिवळ्या किंवा सोनेरी झाकणाच्या नळीत सिलिकाबरोबर जेलीचा थर असतो. या जेलीची घनता पेशींपेक्षा कमी आणि सीरमपेक्षा जास्त ठेवलेली असते. नळी सेंट्रिफ्यूजमध्ये गरगर फिरवली की जेली तळातून सुटते, वर सरकते आणि बरोब्बर दोघांच्या मध्ये जाऊन बसते. खाली गुठळी, वर सीरम, मध्ये पक्की सीलबंद फळी. आता पेशींनी खालून कितीही साखर खाल्ली तरी वरच्या सीरमला धक्का लागत नाही. मला विचाराल तर सगळ्या नळ्यांत ही सर्वांत देखणी कल्पना आहे. तिलाही खोट आहेच: काही औषधं, उदाहरणार्थ फिटांसाठी दिलं जाणारं फेनिटॉइन, जेलीत मुरू शकतात आणि रक्तातली त्यांची पातळी खोटी कमी दिसू शकते. औषधाची पातळी मोजायची असेल तर बिनजेलीची लाल नळी बरी.

हिरवी: ज्यांना तासभर थांबायला वेळ नाही त्यांच्यासाठी

तातडीच्या रुग्णाचं रक्त गोठेपर्यंत वाट बघत बसता येत नाही. हिरव्या नळीत हेपरिन असतं. ते कॅल्शियमला हात लावत नाही. रक्तातच असलेल्या अँटिथ्रॉम्बिन या प्रथिनाला बळ देऊन ते गोठण्याची क्रिया रोखतं. त्यामुळे लगेच फिरवून प्लाझ्मा मिळतो आणि त्यात कॅल्शियम, पोटॅशियमही मोजता येतं. हेपरिन 1916मध्ये अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात जे मॅक्लीन या वैद्यकीय विद्यार्थ्याच्या कामातून पुढे आलं. तो खरं तर रक्त गोठवणाऱ्या पदार्थाच्या शोधात होता.

नळीतलं हेपरिन बहुधा लिथियमच्या क्षाराच्या रूपात असतं. मानसिक आजारासाठी लिथियम घेणाऱ्या माणसाची लिथियमची पातळी अशा नळीतून मोजली तर काय होईल, हे वेगळं सांगायला नको.

करडी: साखर वाचवणारी, पण उशिरा जागी होणारी

साध्या नळीत तसंच ठेवलेल्या रक्तातली साखर खोलीच्या तापमानाला ताशी सुमारे पाच ते सात टक्के घटते. समजा एखाद्याची उपाशीपोटीची साखर खरोखर 130 आहे. मधुमेहाची रेषा 126 वर आहे, म्हणजे तो रेषेच्या पलीकडे. नळी दोन तास तशीच पडून राहिली तर ताशी सहा टक्क्यांनी साखर 115 वर येते. रिपोर्ट सांगणार, मधुमेह नाही, फक्त सीमेवर आहात. माणूस खूश होऊन घरी जातो.

म्हणून करड्या झाकणाच्या नळीत सोडियम फ्लोराइड असतं आणि जोडीला रक्त गोठू नये म्हणून पोटॅशियम ऑक्झॅलेट किंवा ईडीटीए. साखर पचवण्याच्या पेशीतल्या साखळीत एनोलेज नावाचं विकर (एन्झाइम) असतं, फ्लोराइड त्याला बंद पाडतं. अडचण अशी की एनोलेज या साखळीत बरंच खाली, शेवटाकडे येतं. ते बंद पडलं तरी वरच्या पायऱ्या काही काळ चालूच राहतात. त्यामुळे पहिल्या तासा-दोन तासांत साखर थोडी घटतेच, मग ती स्थिर होते. ‘करड्या नळीत घेतलंय, आता दिवसभरात कधीही तपासा’ हे पूर्ण खरं नाही. यावर उपाय म्हणजे नळी बर्फात ठेवून लवकर फिरवणं, किंवा सायट्रेटचं आम्ल घातलेल्या नव्या नळ्या वापरणं. त्या साखळीची पहिलीच पायरी रोखतात.

मग मधुमेहाच्याच माणसाची एचबीए1सी जांभळ्या नळीत का घेतात? ती तपासणी मागच्या दोन-तीन महिन्यांत हिमोग्लोबिनला चिकटलेली साखर मोजते. ती काही तासांत सुटत नाही, त्यामुळे फ्लोराइडची गरज नाही. गरज असते ती न गोठलेल्या, शाबूत तांबड्या पेशींची.

एका नळीतलं दुसरीत ओतलं तर?

जांभळ्या नळीत रक्त जास्त आलंय, पिवळीत कमी पडलंय, मग थोडं इकडचं तिकडे ओतावं, असा मोह होतो. वाचणाऱ्याला हे अगदी बिनधोक वाटेल, रक्त तर त्याच माणसाचं. पण ओतताना ईडीटीएही सोबत जातं. त्यातल्या पोटॅशियमची भर पडून पोटॅशियम वाढतं, ईडीटीएने धरल्यामुळे कॅल्शियम पडतं, आणि ज्याला चालायला जस्त आणि मॅग्नेशियम लागतं ते अल्कलाइन फॉस्फेटेज हे विकरही खाली येतं. पोटॅशियम दोन आकडी आणि कॅल्शियम जवळजवळ नाहीसं, अशी जोडी रिपोर्टमध्ये दिसली की अनुभवी पॅथॉलॉजिस्ट आधी नळीवर संशय घेतो. खऱ्या शरीरात असे आकडे असते तर तो माणूस खुर्चीत बसून रक्त देत नसता. भीती असते ती अर्धवट भेसळीची. पोटॅशियम 6 आलं तर ते खरंही वाटू शकतं आणि त्यावर उपचारही सुरू होऊ शकतात.

नळ्या ठरलेल्या क्रमाने भरायच्या असतात तेही याचसाठी. जंतू तपासायची कल्चरची बाटली सगळ्यात आधी, कारण तिथे निर्जंतुकपणा लागतो. मग निळी, मग लाल-पिवळी, मग हिरवी, मग जांभळी आणि शेवटी करडी. सुईच्या टोकाला लागून पुढच्या नळीत काही गेलंच तर कमीत कमी नुकसान व्हावं, असा हा हिशेब. बंद व्हॅक्यूम पद्धतीने नीट रक्त घेतलं तर अशी मिसळ फारच थोडी होते. सिरिंजने काढून झाकणं उघडून भरण्यात आणि ओतण्यात खरा घोटाळा होतो.

पण एवढं रक्त?

पाच नळ्यांत मिळून पंधरा-वीस मिलीलिटर रक्त जातं. प्रौढ माणसाच्या अंगात सुमारे पाच लिटर असतं, म्हणजे अर्धा टक्कासुद्धा नाही. मशीनला प्रत्यक्षात थेंबभरही पुरतो हे खरं, पण रक्त फिरवल्यावर निम्मंच सीरम हाती येतं, आणि शंका आली तर तपासणी पुन्हा करायला थोडं शिल्लक लागतं.

हा आक्षेप मी दोन ठिकाणी मात्र पूर्ण मान्य करीन. तीन किलोच्या नवजात बाळाच्या अंगात सगळं मिळून अडीचशे मिलीलिटरच्या आसपास रक्त असतं. तिथे पाच मिलीलिटर म्हणजे दोन टक्के झाले, म्हणून बाळांसाठी अगदी छोट्या नळ्या असतात. आणि अतिदक्षता विभागात दिवसातून अनेकदा रक्त काढलं जातं. तिथे केवळ तपासण्यांमुळे हिमोग्लोबिन उतरू शकतं, आणि मोठ्यांसाठीही लहान नळ्या वापराव्यात ही मागणी रास्त आहे.

ते रसायन उलटं माझ्या अंगात तर जाणार नाही?

नळीतली हवा कारखान्यातच ठरावीक प्रमाणात काढून घेतलेली असते. ही व्हॅक्यूमची नळी जोसेफ क्लायनर यांनी 1940च्या दशकात अमेरिकेत बनवली. आतला दाब कमी असल्यामुळे रक्त आत ओढलं जातं आणि ठरलेल्या रेषेपाशी थांबतं. हात खाली झुकलेला आणि नळीचं तोंड वर ठेवलं की उलटा प्रवाह व्हायला कारण राहत नाही. हात सरळ खाली ठेवायला सांगतात ते यासाठीही.

मूठ मात्र सारखी उघड-मिट करू नका, स्नायूंतून पोटॅशियम बाहेर येतं. दंडाला बांधलेला पट्टाही एक मिनिटापेक्षा जास्त राहिला तर आकडे हलतात.

पुन्हा रक्त द्यायला बोलावलं, म्हणजे लॅबने घोळ घातला का?

कधी घातलेला असतो. बऱ्याचदा मात्र सॅम्पल ‘हेमोलाइज’ झालेलं असतं, म्हणजे तांबड्या पेशी फुटून सीरम गुलाबी-लाल झालेलं असतं. तांबड्या पेशीच्या आत बाहेरच्यापेक्षा वीसपटीहून अधिक पोटॅशियम असतं, त्यामुळे थोड्या पेशी फुटल्या तरी आकडा चढतो. बारीक सुई, जोरात ओढलेली सिरिंज, जोरात हलवलेली नळी ही नेहमीची कारणं. असं सॅम्पल नाकारणारी लॅब बरी. मला काळजी वाटते ती कधीच कुणाला परत न बोलावणाऱ्या लॅबची.

रंग सगळीकडे सारखेच असतात का?

आंतरराष्ट्रीय मानक आहे, आयएसओ 6710, आणि बहुतेक नळ्या त्याला धरून असतात. पण युरोपात अजूनही वापरात असलेल्या एका जुन्या संकेतात ईडीटीएचं झाकण लाल असतं, सायट्रेटचं हिरवं आणि फ्लोराइडचं पिवळं. तिथली लाल नळी इथल्या लाल नळीच्या नेमकी उलट वागते. रूढ संकेतातही पिवळ्याचा गोंधळ आहेच. सोनेरी पिवळी म्हणजे जेलीची, पण फिकट पिवळ्या झाकणाखाली जनुकीय तपासण्यांसाठी वापरलं जाणारं सायट्रेट-डेक्स्ट्रोजचं द्रावणही असू शकतं. गुलाबी झाकण म्हणजे रक्तपेढीच्या कामासाठीचं ईडीटीए, गडद निळं म्हणजे शिसं-जस्तासारखे सूक्ष्म धातू मोजण्यासाठी खास स्वच्छ केलेली नळी.

त्यामुळे जाणकार माणूस झाकणाकडे बघून नळी उचलतो खरी, पण वाचतो तिच्यावरची चिठ्ठी. आत काय घातलंय, किती मिलीलिटर रक्त घ्यायचं आणि कधीपर्यंत वापरायची, हे तिच्यावर छापलेलं असतं. मुदत संपलेल्या नळीतली पोकळी हळूहळू कमी होत जाते, ती पुरतं रक्त ओढत नाही, आणि निळ्या नळीच्या बाबतीत याचा अर्थ पुन्हा तोच बिघडलेला नवास एक. चिठ्ठीवर तुमचं नाव लिहायची जागाही असते. ते तुमच्यासमोर, तुम्ही खुर्चीतून उठायच्या आधी लिहिलं किंवा चिकटवलं गेलं ना, तेवढं बघून घ्या.